१६१३ साल आणि बोरीचा पूल

नळदुर्गच्या किल्ल्यात बोरी नदीला आडवी घातलेली पाणीमहालाची भिंत १६१३ सालची. विजापूरच्या गादीवर तेव्हा दुसरा इब्राहिम आदिलशहा होता. त्याच साली तिकडे मॉस्कोत मिखाईल रोमानोव्ह नावाच्या सोळा वर्षांच्या पोराला झार म्हणून निवडलं. शाळेत इतिहास शिकवताना रशियन राज्यक्रांतीचा धडा आला की मी फळ्यावर आधी १६१३ लिहायचो आणि विचारायचो, या साली आपल्याकडे काय चाललं होतं? पाणीमहाल सगळ्या पोरांनी पाहिलेला, पण साल कुणालाच ठाऊक नसायचं.

बांधणी मोठ्या अक्कलहुशारीची आहे. भिंतीच्या पोटातून जिना उतरायचा. पायऱ्या ओल्या, हाताला दगडाचा गारवा. खाली महिरपींचं छोटं दालन आणि फारसी शिलालेख. पावसाळ्यात नर आणि मादी हे दोन्ही सांडवे वाहू लागले की दालनासमोरून पाण्याचा पडदाच कोसळतो आणि आत बसलेल्या माणसाच्या अंगावर तुषारांपलीकडे काही येत नाही. संगीताच्या वेडापायी स्वतः ग्रंथ रचणाऱ्या राजाला हे सुचलं, यात नवल नाही. त्याची कारकीर्द मला आवडते, हे उघडच सांगतो.

रोमानोव्हांचं राज्य ३०४ वर्षं चाललं. तेवढ्या काळात बोरीकाठच्या माणसांनी आदिलशाही बघितली, १६८६ नंतर मोगल बघितले, मग निजाम, १८५३ ते १८६० इंग्रज आणि पुन्हा निजाम. जिल्ह्याचं नाव आधी नळदुर्ग, पुढे उस्मानाबाद. हे नाव सातव्या निजामाचं, पण १९०८ साली छापलेल्या इंपिरियल गॅझेटिअरमध्ये जिल्हा उस्मानाबाद म्हणूनच येतो. म्हणजे नाव पडलं तेव्हा मीर उस्मान अली खान गादीवर नव्हतेच. राज्य त्यांचे वडील मीर महबूब अली खान करत होते. गादीवर येण्याआधीच एक अख्खा जिल्हा या राजपुत्राच्या नावाचा झाला होता.

१९११ साली, पंचविशीत, ते निजाम झाले. रशियात तेव्हा दुसरा निकोलस राज्य करत होता. दोघांचाही आपल्या वंशाच्या हक्कावर पुरा भरवसा, कारभार आपल्याच मुठीत हवा हा हट्ट दोघांचाही. निजामांनी १९१४ पासून पाचेक वर्षं दिवाणसुद्धा नेमला नाही. १९१७ साली झार पदच्युत झाला. त्याच साली इकडे उस्मानिया विद्यापीठाचं फर्मान निघालं. हैदराबादेत हायकोर्टाची इमारत उभी राहिली, इस्पितळ झालं, तेलंगणात निजामसागर बांधला गेला. ही कामं मोठी होती, ती नाकारण्यात अर्थ नाही.

आमच्या जिल्ह्यात काय आलं ते मात्र निराळं. इथला बराच मुलूख सर्फेखास, म्हणजे वसूल सरकारी खजिन्यात न जाता थेट निजामांच्या खाजगीत. सोलापूरकडून मोगलाईत, म्हणजे निजामाच्या मुलखात, शिरताना करोडगिरीचा, म्हणजे जकातीचा नाका, हातात निजामाचा हाली सिक्का आणि पुढे शिकायचं तर उर्दूतून. लोहाऱ्याजवळच्या हिप्परग्याला १९२१ साली राष्ट्रीय शाळा निघाली ती याच कोंडीतून. व्यंकटेश खेडगीकर नावाचा तरुण तिथे शिकवायला आला आणि तिथे असतानाच संन्यास घेऊन स्वामी रामानंद तीर्थ झाला. निजामाच्या सत्तेविरुद्धच्या लढ्याचा पुढारी आमच्या जिल्ह्यातल्या एका खेड्यातल्या शाळेत घडला, याचा मला अभिमान वाटतो.

आणि निजामाच्या बाजूने हत्यार धरणाऱ्या रझाकारांचा म्होरक्या कासीम रझवी हाही आमचाच म्हणायचा. लातूरला वकिली करायचा, आणि लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातच होतं. १९४७–४८ मध्ये सरहद्दीवरच्या गावांनी काय भोगलं ते घरोघरी सांगितलं जातं. पेवातलं धान्य, लेकीबाळी, जनावरं, जे नेता येईल ते घेऊन माणसं बार्शी-सोलापूरकडे निघाली. माझ्या आईचं माहेर असंच रिकामं झालं. रात्री बैलांच्या गळ्यातले घुंगरू काढून गाड्या हाकल्याचं ती शेवटपर्यंत सांगायची.

१३ सप्टेंबर १९४८ ला पहाटे हिंदी फौज सोलापूरकडून आत आली. मेजर जनरल जयंतोनाथ चौधुरी सेनापती. पहिली चकमक नळदुर्गलाच झाली. सातव्या ब्रिगेडने बोरीवरचा पूल उडवला जाण्याआधी धडधाकट ताब्यात घेतला आणि दुसऱ्या शीख पलटणीने हैदराबादच्या पायदळावर चढाई केली. तुळजापूरला दोनेक तास झुंज झाली. दुपार कलताना रणगाडे उमरग्यात होते. जो जिल्हा निजामांच्या नावाचा, तोच पहिल्या दिवशी हातचा गेला. १७ तारखेला निजामांनी शरणागती पत्करली.

झारचं काय झालं ते मुलांना पाठ असतं. १६–१७ जुलै १९१८ च्या रात्री येकातेरिनबुर्गच्या एका घराच्या तळघरात निकोलस, राणी आणि पाचही मुलं गोळ्या घालून मारली. धाकटा अलेक्सी चौदा वर्षांचाही झाला नव्हता. वर्ग गप्प व्हायचा. मग एखादी मुलगी विचारायची, आपल्या निजामाला काय शिक्षा झाली?

काहीच नाही. १९५० साली ते हैदराबाद राज्याचे राजप्रमुख झाले, राज्यघटनेखाली, १९५६ पर्यंत. सालीना ५० लाखांचा तनखा ठरला. २४ फेब्रुवारी १९६७ ला किंग कोठीत, आपल्या घरी, वार्धक्याने गेले. त्यांना झारसारखा शेवट यायला हवा होता असं मी कधी म्हणणार नाही. मुलांच्या अंगावर गोळ्या झाडणं हा न्याय नव्हे. रझवीला शिक्षा झाली, सुटला, १९५७ साली पाकिस्तानात गेला, कराचीत मेला.

मग भोगलं कुणी? आधी रझाकारांनी लुटलेल्या, मारलेल्या गावांनी. आणि पोलीस ॲक्शननंतर, म्हणजे सप्टेंबरातल्या त्या फौजी कारवाईनंतर, मुसलमान शेतकरी, विणकर, पिंजारी, तांबोळी यांच्या वस्त्यांनी, ज्यातल्या बहुतेकांनी कधी रझाकाराची काठी हातात धरली नव्हती. पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांची समिती १९४८ च्या अखेरीस या भागात फिरली. सर्वांत जास्त झळ बसलेले म्हणून त्यांनी चार जिल्हे सांगितले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड. या चारांत मिळून किमान १८ हजार माणसं मारली गेली, असा त्यांचा अंदाज. आमचं नाव यादीत पहिलं आहे. हा अहवाल कित्येक दशकं बंद कपाटात राहिला. २०१३ च्या सुमारास तो लोकांना वाचता आला. वर्गात मी हे शिकवलं नाही, कारण पुस्तकात नव्हतं आणि अहवाल हाती नव्हता. आता मात्र ज्याला त्याला सांगतो.

२०२३ साली जिल्ह्याचं नाव अधिकृतपणे धाराशिव झालं. दरवर्षी १७ सप्टेंबरला झेंडावंदन होतं, मुक्तिसंग्रामातल्या हुतात्म्यांची नावं वाचली जातात, आणि ती वाचलीच पाहिजेत. माझं म्हणणं इतकंच आहे की गावागावातली दुसरीही नावं लिहून काढावीत: रझाकारांच्या हल्ल्यात गेलेली, ज्यांच्यासाठी कुणी स्तंभ उभारला नाही ती, आणि त्या सप्टेंबरनंतर विहिरीत, शेतात, मशिदीच्या आवारात गेलेली. त्या वेळी दहा वर्षांची असलेली माणसं आता पंचाऐंशीच्या पुढे आहेत. तुळजापूर, उमरगा, लोहारा, कळंब या तालुक्यांतल्या कॉलेजांना हे काम एका उन्हाळ्याच्या सुट्टीत उचलता येईल. वही-पेन आणि ऐकून घेणारी चार पोरं पुरेत, आणि पहिल्या गावाला मी बरोबर येईन.