एका स्वराची कथा

जुनें गाणें नव्या यंत्रावर अधिक स्पष्ट ऐकूं येतें; पण त्यामागील माणूसही तितकाच स्पष्ट दिसतो काय?

इंग्लंडांतील ‘पिंक फ्लॉइड’ या वाद्यवृंदाची ‘द डार्क साइड ऑफ द मून’ ही रॉक संगीताची ध्वनिमुद्रिका मार्च १९७३ मध्यें प्रसिद्ध झाली. लंडनच्या ॲबी रोड ध्वनिमुद्रणगृहांत ती चुंबकीय फितीवर मुद्रित झाली होती. पहिल्या बाजूच्या अखेरीस मृत्यूविषयींच्या एका रचनेंत स्त्रीकंठ ऐकूं येतो. त्यास शब्द नाहींत. आधीं आक्रोश, मग शांति, एवढेंच. क्लेअर टॉरीबाईंनीं तो स्वरविलास मुद्रणाच्या वेळींच उत्स्फूर्तपणें रचला. मोबदला ३० पौंड मिळाला. वेष्टनावर गायिका म्हणून त्यांचें नांव आलें. रचनाकार मात्र एकटे रिचर्ड राइट.

पुढें यंत्रें सुधारलीं. कॉम्पॅक्ट डिस्कसाठीं ध्वनीचें माप सेकंदास ४४,१०० वेळां घेतात. २०११ च्या ब्ल्यू-रे आवृत्तींत तें ९६,००० वेळां घेतलेलें आहे. तथापि माणसाचा कान सेकंदास सुमारें २०,००० कंपनांपलीकडे ऐकत नाहीं. म्हणून नुसता आंकडा वाढून भागत नाहीं. मूळ फीत किती काळजीनें उतरविली, यावर पुष्कळ अवलंबून असतें.

टॉरीबाईंचा स्वर तर साध्या तबकडीवरही सर्वांस ऐकूं येत होता. तरी २००४ मध्यें त्यांस न्यायालयांत दावा लावावा लागला. २००५ मध्यें तडजोड झाली आणि पुढील आवृत्त्यांवर राइट यांच्या जोडीस रचनाकार म्हणून त्यांचें नांव आलें. कानांस जें प्रथमपासून ऐकूं येत होतें, तें मान्य होण्यास ३२ वर्षें लागलीं.