याचिका मागे घेताना राखावयाची मुभा

याचिका फेटाळली जाण्याची चिन्हे दिसू लागली, की वकील ती मागे घेण्याची अनुमती मागतात. त्यानंतरच्या आदेशात ‘योग्य ठिकाणी दाद मागण्याची मुभा राखून’ हे शब्द आहेत की नाहीत, यावर पक्षकाराचे पुढचे बरेच काही अवलंबून असते.

घाटंजी तालुक्यातील एखाद्या शेतकऱ्याचे उदाहरण घेऊ. फेरफाराच्या वादात तहसीलदारांचा आदेश विरुद्ध गेला आणि तो थेट मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात पोहोचला. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ नुसार अपिलाची सोय असताना येथे का आलात, असा प्रश्न तेथे होणारच. अशा वेळी गुणदोषांवर प्रतिकूल निर्णय ओढवून घेण्यापेक्षा याचिका मागे घेऊन अपिलात जाणे शहाणपणाचे ठरते.

दाव्यांबाबतचा मूळ नियम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २३ व्या आदेशात आहे. तांत्रिक दोष किंवा अन्य पुरेसे कारण असल्यास न्यायालय नवा दावा आणण्याच्या परवानगीसह दावा मागे घेऊ देते. परवानगी न घेता दावा सोडला, तर त्याच विषयावर पुन्हा दावा करता येत नाही. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये हेच तत्त्व रिट याचिकांना लागू केले. मुभेविना याचिका मागे घेतल्यास उच्च न्यायालयात त्याच कारणासाठी दुसरी रिट याचिका चालत नाही. दिवाणी दाव्यासारखे अन्य मार्ग मात्र बंद होत नाहीत. व्यक्तिस्वातंत्र्याशी निगडित हेबियस कॉर्पसच्या याचिका न्यायालयाने या बंधनातून वगळल्या.

महाराष्ट्राला या मुभेचा परिचय २०२१ मध्ये चांगलाच झाला. मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंग तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांच्यावरील आरोपांच्या चौकशीसाठी सर्वोच्च न्यायालयात गेले होते. आधी उच्च न्यायालयात का गेला नाहीत, अशी विचारणा झाल्यावर २४ मार्च रोजी त्यांनी तेथे जाण्याची मुभा राखून याचिका मागे घेतली. पुढे ५ एप्रिलला मुंबई उच्च न्यायालयाने या आरोपांबाबत सीबीआयला प्राथमिक चौकशीचा आदेश दिला आणि त्याच दिवशी देशमुख यांनी, आरोप नाकारीत, राजीनामा दिला.

मुभा म्हणजे मुदतवाढ नव्हे, हे मात्र पक्षकार हमखास विसरतात. जिल्हाधिकाऱ्यांहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशावर महसुली अपील ६० दिवसांत करावे लागते. चुकीच्या ठिकाणी प्रामाणिकपणे घालवलेला काळ उशीर माफ करण्यासाठी सांगता येतो, पण त्यासाठी स्वतंत्र अर्ज आणि कारणे हवीत. याचिकेत अंतरिम स्थगिती मिळाली असेल, तर याचिकेबरोबर तीही संपते. ती काही आठवडे चालू ठेवण्याची विनंती त्याच सुनावणीत करावी लागते. सर्व मुद्दे खुले ठेवल्याची नोंदही तेव्हाच मागून घ्यावी आणि आदेशाची प्रत हाती आल्यावर ती वाचून पाहावी.