रेश्मा पठाण : ‘शोले’च्या टांग्यावरचा न दिसलेला चेहरा

रेश्मा पठाण या हिंदी सिनेमातल्या पहिल्या स्टंटवुमन म्हणून ओळखल्या जातात. ‘शोले’मध्ये (१९७५) डाकू मागे लागतात आणि बसंती जिवाच्या आकांताने टांगा पळवते, तो प्रसंग आपल्यापैकी अनेकांनी कितीदा तरी पाहिला असेल. बसंती म्हणजे हेमामालिनी. पण त्या प्रसंगातली जोखमीची दृश्यं रेश्माआपांनी केली आहेत.

सुरुवात
मुंबईतल्या एका गरीब मुस्लिम कुटुंबात त्या वाढल्या. उड्या, कसरती यांत लहानपणापासून तरबेज. फाइट मास्टर एस. अझीम यांनी त्यांच्यातली हिंमत हेरली आणि १९६८च्या सुमारास, अवघ्या १४ वर्षांच्या वयात, त्या या कामात आल्या. शौक म्हणून नव्हे, घर चालवायचं होतं म्हणून.

डुप्लिकेटचं काम
स्टंट करणाऱ्या बदली कलाकाराला सिनेमावाले ‘डुप्लिकेट’ म्हणतात. हिरोइनसारखेच कपडे, तशीच केशरचना, आणि चेहरा कॅमेऱ्यात येऊ द्यायचा नाही. १९३५च्या ‘हंटरवाली’त नादियाने स्वतःचे स्टंट स्वतः केले होते, पण ती हिरोइनच होती. बाकी हिरोइनींसाठी बहुतेक वेळा पुरुष फायटरच विग आणि बायकांचे कपडे घालून उड्या मारत. तिथे एक मुलगी आली, म्हणजे कुणाची तरी रोजी कमी होणार. त्यामुळे विरोध झाला. तरीही त्यांनी मूव्ही स्टंट आर्टिस्ट असोसिएशनचं कार्ड मिळवलंच. ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला.

‘शोले’ आणि नंतर
‘शोले’चं बरंचसं शूटिंग कर्नाटकात बेंगळुरूजवळच्या रामनगरमध्ये झालं. कॉम्प्युटरची करामत तेव्हा नव्हती. टांगा उलटायचा तर तो खरोखरच उलटायचा. या शूटिंगमध्ये रेश्माआपा जखमी झाल्या, तरी त्यांनी काम अर्धवट सोडलं नाही. पुढे रेखा, श्रीदेवी, डिंपल कपाडिया अशा नायिकांसाठीही त्यांनी स्टंट केले. ‘कर्ज’मध्ये (१९८०) तर त्या दुर्गा खोटे यांच्या डुप्लिकेट होत्या. म्हणजे तरुण हिरोइनपासून म्हाताऱ्या आईपर्यंत, चाल आणि अंगाची ढब हुबेहूब उचलायची आणि मग पडायचं.

उशिरा मिळालेलं नाव
मार त्यांनी खाल्ला, टाळ्या मात्र दुसऱ्यांना मिळाल्या. ‘शोले’नंतर चव्वेचाळीस वर्षांनी, ८ मार्च २०१९ रोजी, महिला दिनी, त्यांच्या जीवनावरचा ‘द शोले गर्ल’ हा चित्रपट झी५वर आला. दिग्दर्शक आपले मराठी आदित्य सरपोतदार, आणि रेश्मांची भूमिका केली बिदिता बाग यांनी. त्याच वर्षी क्रिटिक्स चॉइस फिल्म अवॉर्ड्समध्ये सिनेमातल्या योगदानाबद्दल त्यांचा गौरव झाला.

सिनेमाबद्दल आपल्या घराघरांत वेगवेगळी मतं आहेत, आणि ती राहणारच. पण मेहनत ही मेहनत असते. कमी वयात घराचा भार उचलणाऱ्या, पुरुषांच्या धंद्यात हक्काची जागा मिळवणाऱ्या या बाईंचं नाव आपल्या मुलींना माहीत असायला हवं, असं आम्हाला वाटतं. पुढच्या वेळी टीव्हीवर ‘शोले’ लागला आणि टांगा धावू लागला, की शेजारी बसलेल्या मुलांना एवढं जरूर सांगा : लगाम धरणारे हात रेश्मा पठाण यांचेही आहेत.