चुन्याहून महाग रस्ता : वेल्समधील टोलफाटके आणि ‘रिबेका’ (थ्रेड)

एकोणिसाव्या शतकाच्या चौथ्या दशकात नैऋत्य वेल्समधील शेतकऱ्याला दर उन्हाळ्यात एक हिशेब करावा लागे. भट्टीवर चुना काय भावाने मिळतो, हे त्याला ठाऊक असे. खरा प्रश्न असे तो हा, की तो चुना शेतापर्यंत आणताना वाटेत किती फाटके लागतील. पुष्कळदा फाटकांवर भरलेली रक्कम चुन्याच्या किमतीपेक्षा अधिक भरत असे. या हिशेबातून पुढे जे उभे राहिले, त्याला इतिहासात ‘रिबेका दंगली’ (१८३९–४३) म्हणतात.

मुळात रस्त्यावर पैसे का द्यावे लागत? १५५५ च्या कायद्याने इंग्लंड आणि वेल्समध्ये रस्त्यांची दुरुस्ती हे त्या त्या पॅरिशचे, म्हणजे गावाचे, काम ठरले होते. गावकऱ्यांनी वर्षातून काही दिवस फुकट राबायचे, म्हणजे एक प्रकारची वेठच. परंतु लंडनहून उत्तरेकडे जाणाऱ्या अवजड गाड्यांनी उखडलेला रस्ता वाटेवरच्या खेड्यांनी का बुजवावा? या तक्रारीवर १६६३ साली तोडगा निघाला. ‘ग्रेट नॉर्थ रोड’च्या एका भागावर, वेड्समिल येथे, फाटक बसले. घोड्याला १ पेनी, कोचगाडीला ६ पेन्स, मालाच्या मोठ्या गाडीला १ शिलिंग. (१२ पेन्सचा १ शिलिंग, २० शिलिंगांचा १ पौंड.) जो रस्ता झिजवतो त्याने पैसे द्यावेत, हे तत्त्व निर्दोष वाटावे असेच होते.

अठराव्या शतकात या व्यवस्थेला ‘टर्नपाइक ट्रस्ट’ हे रूप आले. संसदेच्या कायद्याने एखादा रस्ता स्थानिक जमीनदार, पाद्री आणि व्यापारी यांच्या मंडळाकडे साधारण २१ वर्षांसाठी सोपवला जाई. मंडळ रोखे विकून कर्ज उभारी, रस्ता दुरुस्त करी आणि टोलमधून व्याज फेडी. मुदत संपली की नवा कायदा आणून ती वाढवून घेतली जाई. कर्ज फिटले नाही, हे कारण नेहमी हाताशी असेच. १८३० च्या दशकात असे हजाराहून अधिक ट्रस्ट होते आणि त्यांच्या ताब्यात सुमारे २०,००० मैल रस्ते होते.

प्रवासखर्चाचा अंदाज बांधणे किचकट होई ते याच रचनेमुळे. एका ट्रस्टच्या फाटकावर टोल भरला की पावती मिळे, आणि त्या पावतीवर त्याच ट्रस्टची काही ठरावीक फाटके त्या दिवसापुरती मोकळी होत. हद्द ओलांडून शेजारच्या ट्रस्टमध्ये शिरताच मात्र पावती निरुपयोगी ठरे. समजा, दोन घोड्यांच्या गाडीला एका फाटकावर १ शिलिंग पडतो. वाटेतील तिन्ही फाटके एका ट्रस्टची असतील तर खर्च १ शिलिंग, तीन ट्रस्टांची असतील तर ३ शिलिंग. म्हणजे नुसते अंतर मोजून भागत नसे. हद्दी माहीत असाव्या लागत.

ही माहिती विकतही मिळे. नकाशाकार जॉन कॅरी यांनी १७९० साली लंडनहून निघणाऱ्या प्रमुख रस्त्यांचे एक पुस्तक काढले. त्यात टोलफाटके दाखवून कोणत्या फाटकाचा कोणत्या फाटकाशी संबंध आहे, हेही नोंदवले होते. आज मोबाइलवर टोलचा आकडा पाहून वाट ठरवणाऱ्यांनी या पुस्तकाला आपला पूर्वज मानायला हरकत नाही.

अंदाज आला की बचतीची युक्तीही सुचते. अठराव्या शतकातील गाडीवान या बाबतीत कमालीचे कल्पक होते. रुंद चाकाने रस्ता कमी फाटतो, या समजुतीने १७५३ च्या कायद्याने ९ इंची चाकांना झुकते माप दिले. त्यावर गाडीवानांनी मधोमध फुगीर चाके करून घेतली. मोजले तर पूर्ण ९ इंच. रस्त्याला टेकणारा भाग मात्र अरुंद, म्हणजे घोड्यांना ओढायला हलका. १७४१ च्या कायद्याने फाटकांजवळ वजनकाटे आले आणि जादा भारावर जबर आकार लागला, तेव्हा काट्याच्या अलीकडे माल उतरवायचा आणि पलीकडे पुन्हा भरायचा, ही रीत पडली. कायदा जितका बारकाईने लिहावा तितकी पळवाट बारीक होत गेली.

काही सवलती कायद्यानेच दिलेल्या होत्या. कूच करणारे सैनिक, प्रार्थनेला जाणारे लोक, अंत्ययात्रा, निवडणुकीच्या दिवशीचे मतदार यांना सामान्यतः टोल नसे. १७८५ पासून टपालाच्या कोचगाडीलाही माफी होती. तिचा रक्षक दुरूनच शिंग फुंकी आणि ती पोहोचण्याआधी फाटक उघडे नसेल तर नाकेदाराला दंड होई. शेतात जाणाऱ्या शेणखताच्या गाड्यांनाही सूट होती.

चुन्याच्या वाट्याला मात्र तशी सरसकट सूट आली नाही, आणि येथेच नैऋत्य वेल्सचा प्रश्न सुरू होतो. कारमार्थनशर, पेम्ब्रोकशर आणि कार्डिगनशर या परगण्यांतील पुष्कळ जमीन आम्लधर्मी आहे. भाजलेला चुना टाकल्याशिवाय तिथे पीक धड येत नसे. चुनखडी मात्र ठरावीक पट्ट्यांतच सापडे, त्यामुळे ‘ब्लॅक माउंटन’च्या किंवा किनाऱ्याकडच्या भट्ट्यांवरून गाड्या भरभरून तो आणावा लागे. चुना वजनदार आणि किमतीने हलका. टोल बसतो गाडीवर आणि घोड्यांवर. आतल्या मालाच्या किमतीशी त्याला कर्तव्य नाही. उंची कापडाच्या गाडीला जो टोल नगण्य वाटेल, तोच चुन्याच्या गाडीला खाऊन टाकी. ‘जो रस्ता झिजवतो त्याने द्यावे’ हे तत्त्व कागदावर कितीही न्याय्य असले, तरी त्याचा भार सर्वांत स्वस्त माल वाहणाऱ्या सर्वांत गरीब माणसावर पडत होता.

त्या भागातील शेतकरी बहुधा कुळेच होती. शेतमजुराची दिवसाची मजुरी शिलिंगभराच्या आसपास होती. त्यात कारमार्थन शहराच्या आसमंतात मेन ट्रस्ट, किडवेली, थ्री कॉमट्स, व्हिटलँड अशा कितीतरी ट्रस्टांच्या हद्दी एकमेकींत गुंतलेल्या. थोड्याशा अंतरात दोन-तीन वेळा थैली सोडण्याची पाळी येई.

शेतकऱ्यांनी यावर शोधलेला उपाय साधा होता. पावतीचा दिवस मध्यरात्री सुरू होऊन पुढच्या मध्यरात्री संपे. म्हणून चुन्याच्या गाड्या मध्यरात्रीच्या सुमारास निघत. बारा वाजून गेल्यावर पहिले फाटक ओलांडायचे, पहाटे भट्टीवर नंबर लावायचा आणि दुसरी मध्यरात्र होण्याआत घरी यायचे, म्हणजे येण्याजाण्याचा मिळून एकच टोल. (आपल्याकडील राष्ट्रीय महामार्गांवर २४ तासांच्या आत परतणाऱ्याला दुहेरी फेरीचा टोल दीडपट पडतो, हिशेबाची जात तीच.) दुसरा उपाय आडवाटांचा. फाटक मुख्य रस्त्यावर असे; गावातली जुनी पाणंद त्याला वळसा घालून जाई. वाट लांबे, घोडी दमत, पण पैसे वाचत.

हे वाचलेले पैसे ज्याला नुकसान वाटले, तो होता टोलचा मक्तेदार. ट्रस्ट स्वतः वसुली क्वचितच करीत; वर्षाच्या टोलचा लिलाव होई आणि सर्वाधिक बोली लावणारा आगाऊ ठरलेली रक्कम देऊन उरलेले स्वतःच्या पदरात पाडी. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात मामलती इजाऱ्याने दिल्या जात, हे मराठी वाचकाला ठाऊक आहे. तिथल्याप्रमाणे इथेही इजारदाराचा जीव व्यवस्थेत नव्हे, वसुलीत गुंतलेला असे. थॉमस बुलिन हा असाच एक बाहेरून आलेला इंग्रज मक्तेदार. व्हिटलँड ट्रस्टचा टोल त्याने घेतला आणि आडवाटांवरही फाटके बसवण्याचा आग्रह धरला. त्याप्रमाणे नवी फाटके उभी राहिली. त्यांतले एक एवाइलवेन या खेड्यात, ऐन चुन्याच्या गाड्यांच्या वाटेवर होते.

या क्षणाचे महत्त्व दंगलींच्या वर्णनात सहसा हरवते. शेतकरी तोवर टोल सहन करीत होता, कारण तो कमी करण्याच्या वाटा त्याच्या हाती होत्या: वेळ साधणे, पावती जपणे, वळसा घालणे. आडफाटकांनी त्यांतली सर्वांत मोठी वाट बंद केली. फाटकांचे दर नेहमीचेच होते. संपली ती काटकसर.

१३ मे १८३९ च्या रात्री एवाइलवेनचे फाटक फोडून जाळण्यात आले. ते पुन्हा बांधले, तर ६ जूनला पुन्हा फोडले. फोडणाऱ्या पुरुषांनी बायकी वस्त्रे घातली होती, तोंडाला काळे फासले होते, आणि म्होरक्याला ते ‘रिबेका’ म्हणत. पहिला म्होरक्या टॉमस रीस ऊर्फ ट्वम कार्नाबूथ असल्याचे परंपरा सांगते. नावाचा उगम बहुधा बायबलमधला: उत्पत्तीच्या पुस्तकात रिबेकाला आशीर्वाद मिळतो, की तिच्या वंशजांनी द्वेष करणाऱ्यांच्या वेशी ताब्यात घ्याव्यात. प्रार्थनामंदिरांत वाढलेल्या वेल्श शेतकऱ्याला हा संदर्भ समजावून सांगावा लागत नव्हता.

हल्ल्यापूर्वी कधी कधी एक छोटे नाट्य होई. रिबेका अंधुक दृष्टीच्या म्हातारीच्या वेशात फाटकापाशी येऊन अडखळे आणि वाटेत काहीतरी आडवे आल्याची तक्रार करी. तिच्या ‘मुली’ चाचपून सांगत की हे फाटक आहे. मग ते इथे असण्याचा काही हक्क नाही असे ठरे आणि कुऱ्हाडी चालत.

पहिल्या फेरीत रिबेका जिंकली. त्याच जुलैत ट्रस्टच्या बैठकीत नवी फाटके रद्द झाली. पण ओल्या हंगामांनी पिके बुडाली, पुढे गुरांचे भाव कोसळले, १८३४ च्या गरीब-कायद्याने वर्कहाउसे उभी राहिली आणि १८३६ च्या कायद्यानंतर चर्चला द्यायचा दशांश रोख पैशांत भरावा लागू लागला. १८४२ च्या हिवाळ्यात फाटके पुन्हा पडू लागली. १९ जून १८४३ रोजी जमावाने कारमार्थनचे वर्कहाउस फोडले. घोडदळ आले तेव्हा तो पांगला. लंडनच्या ‘टाइम्स’ने थॉमस कॅम्बेल फॉस्टर या बातमीदाराला पाठवले. त्याने शेतकऱ्यांच्या तक्रारी इतक्या तपशिलाने छापल्या, की एरवी वेल्सकडे न बघणाऱ्या लंडनला प्रथमच चुन्याच्या गाडीचा हिशेब कळला.

मात्र या कथेला नुसती वीरकथा करणे अन्यायाचे होईल. सप्टेंबर १८४३ मध्ये हेंडी येथील फाटकघर पेटवले गेले आणि नाकेदार सारा विल्यम्स ही पंचाहत्तरीच्या घरातली वृद्धा गोळी लागून मेली. ती मक्तेदार नव्हती, विश्वस्त नव्हती. अल्प मोबदल्यावर रात्री-बेरात्री फाटक उघडणारी एक गरीब बाई होती. वैद्यकीय पुरावा समोर असूनही पंचांनी निकाल दिला, की छातीत रक्तस्राव होऊन मृत्यू झाला, कारण अज्ञात. ती माणसे भीतीने बोलली की सहानुभूतीने, कुणी सांगावे! या मृत्यूबद्दल कोणालाही शिक्षा झाली नाही.

त्याच सुमारास पोंटारडुलाइसच्या फाटकावर पोलिसांनी दबा धरला होता. तिथे पकडलेला जॉन ह्यूज हा तरुण शेतकरी २० वर्षांच्या हद्दपारीवर टास्मानियाला गेला. आपल्या भाषेत म्हणायचे तर काळे पाणी.

ऑक्टोबर १८४३ मध्ये सरकारने टॉमस फ्रँकलंड लुइस यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी आयोग नेमला. आयोग गावोगाव फिरला आणि लोकांच्या जबान्या घेतल्या. १८४४ च्या कायद्याने दक्षिण वेल्समधील ट्रस्ट एकत्र करून परगणावार रस्तेमंडळांच्या हाती दिले. दर सारखे झाले, सात मैलांच्या आत दुसऱ्यांदा टोल घेऊ नये असे ठरले, आणि चुन्याच्या गाडीचा टोल निम्मा झाला. उर्वरित ब्रिटनमध्ये ट्रस्टांचा जुना गोंधळ त्यानंतरही कित्येक दशके चालू राहिला.

१८५२ साली कारमार्थनला रेल्वे पोहोचली आणि लांबचा माल रुळांवर गेला. रस्तेमंडळांची फाटके त्यानंतरही उभी होती. दक्षिण वेल्समधला टोल संपला तो १८८९ मध्ये, जेव्हा रस्ते निवडून आलेल्या परगणा-परिषदांकडे गेले आणि त्यांचा खर्च करातून होऊ लागला.