सिंहाच्या पंजाखालून उठलेला कॅमेरावाला

मागच्या सुट्टीत भाचा ‘स्पीड’ लावून बसला होता. मीही गवारी निवडत शेजारी बसले. बसचा वेग ताशी ५० मैलांच्या खाली आला की बॉम्ब फुटणार, एवढीच काय ती गोष्ट. पण तासाभरानं पाहिलं तर शेंगा ताटात तशाच! हे कुणी केलं म्हणून शोधायला गेले आणि पोचले ते एका सिंहापाशी.

यान द बाँट हा मूळचा कॅमेरावाला. १९४३ साली नेदरलँड्समधल्या आइंडहोवनला जन्मला, सतरा भावंडांतला एक. पॉल व्हरहूवनचा १९७३ चा ‘टर्किश डिलाइट’ त्यानंच चित्रित केला आणि त्या डच चित्रपटाला ऑस्करचं नामांकन मिळालं. मग तो अमेरिकेला गेला, आणि कामं कसली मिळाली तर ‘रोअर’!

या ‘रोअर’बद्दल मला जरा सविस्तर सांगायचंय. नोएल मार्शल आणि त्याची बायको, ‘द बर्ड्स’वाली नटी टिप्पी हेड्रन, यांना वन्यप्राण्यांचा कळवळा होता. लोकांनी सिंहांवर प्रेम करावं म्हणून त्यांनी सिंह-वाघ आणून पाळले आणि त्यांच्यातच सिनेमा काढला. १९७७ मध्ये एका सिंहानं द बाँटच्या डोक्याची कातडी सोलून काढली. सुमारे २२० टाके पडले. आणि बरा होऊन हा परत त्याच कामावर! मला तर वाचतानाच डोक्यावरून पदर घ्यावासा वाटला.

पुढच्या वर्षी पूर आला, कुंपणं तुटली, जनावरं बाहेर पडली. पोलिसांनी ३ सिंह गोळ्या घालून मारले. आमच्या घरी मुंग्या लागल्या तर पीठ टाकून वाट दाखवतात, झाडू मारत नाहीत. त्यामुळे म्हणा, मला हे पटतच नाही. प्रेम होतं तर त्यांना दिव्यांसमोर आणायचंच कशाला? १९८१ मध्ये सिनेमा आला आणि सपशेल पडला. दोन वर्षांनी हेड्रननं त्याच प्राण्यांसाठी ‘शम्बाला’ नावाचं आश्रयस्थान उभं केलं, एवढं मात्र तिच्या पदरात घालायला हवं.

द बाँटनं पुढे ‘डाय हार्ड’ (१९८८), ‘द हंट फॉर रेड ऑक्टोबर’, ‘बेसिक इन्स्टिंक्ट’ चित्रित केले. दिग्दर्शन पन्नाशीत सुरू केलं. १९९४ चा ‘स्पीड’ पहिला, मग १९९६ मध्ये ‘ट्विस्टर’, चक्रीवादळांचा. दोन्ही तुफान चालले.

पण ‘ट्विस्टर’च्या वेळी कॅमेरा सांभाळणारी अख्खी तुकडी त्याच्या वागण्याला कंटाळून पाच आठवड्यांत निघून गेली. सिंहाच्या पंजाखालून उठून जो स्वतः कामावर परतला, त्याच्या हाताखालची माणसं मात्र टिकली नाहीत. कॅमेरा खांद्यावर असताना सोसलेलं दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसल्यावर विसरायला होतं का? सून असताना सोसलेलं सासू झाल्यावर आठवतं कुठे, तसंच. पुढचे तीन सिनेमे, ‘स्पीड २’, ‘द हाँटिंग’ आणि २००३ चा ‘लारा क्रॉफ्ट’, यांत ती गंमत नव्हती. त्यानंतर तो दिग्दर्शनाकडे वळलेला नाही. पाचच सिनेमे.

हे सगळं भाच्याला सांगितलं. टाक्यांचं ऐकून तो चुकचुकला आणि म्हणाला, “मावशी, सिंहांचं काय झालं गं?” मग पुराचंही सांगावं लागलं.