वाटाड्याचे नाव

मुंबई-पुणे जुन्या महामार्गावर खालापूर तालुक्यातील चौक हे गाव लागते. तेथे उभे राहून डोंगराकडे पाहिले की एका बाजूस माथेरानचा लांबट सपाट माथा दिसतो आणि दुसऱ्या बाजूस इर्शाळगडाचा सुळका. २०१६ सालच्या भाद्रपदात आम्ही दोघे, एकाच महाविद्यालयात मराठी शिकवणारे, पंधरा-वीस विद्यार्थ्यांना घेऊन या सुळक्याच्या पायथ्याशी असलेल्या इर्शाळवाडीपर्यंत गेलो होतो. वाडी ठाकरांची. वर जायला पायवाटेखेरीज मार्ग नव्हता. वाडीतलाच एक तरुण वाटाड्या म्हणून खाली आम्हांला घ्यायला आला होता. इतिहासाच्या दृष्टीने या वाटेवर काय पाहायचे, याची यादी आम्ही आधीच करून ठेवली होती. तिच्यात गडावरची पाण्याची टाकी होती, कातळातले नेढे होते, वाडीपासून दिसणारा प्रबळगड होता. त्या यादीत काय नव्हते, हे सांगण्यासाठी हा लेख आहे.

वाट नानिवलीच्या अंगाने वर चढते तशी मागे मोरबे धरणाचे पाणी पसरत जाते. हे धरण नवी मुंबई महापालिकेचे. वरून ते फार सुंदर दिसते, आणि त्याच्याखाली कधी शेतजमिनी होत्या हे वरून मुळीच दिसत नाही. पाण्याच्या अलीकडे भाताची खाचरे होती. डोंगराच्या उतरणीबरोबर एकाखाली एक उतरत गेलेली, प्रत्येकीचा आकार वेगळा. बेणणी आटोपली होती, लोंब्या यायच्या होत्या. विद्यार्थ्यांपैकी कोणीतरी 'काय निसर्ग आहे!' असे म्हणाले. आम्हीही मान डोलावली. वाटाड्या मात्र हसला. आम्ही गडाविषयी विचारलेल्या प्रश्नांची उत्तरे त्याने तोवर नीट दिली होती. आता तो म्हणाला, "गडाचं सगळं इचारलंत. खाचराचं नाव नाय कोणी इचारलं."

खाचरांना नावे असतात, हे आमच्यातल्या ज्यांची घरे शेतीची होती त्यांना ठाऊक होते. परंतु ते ज्ञान आणि 'इतिहास' हा विषय आमच्या डोक्यात वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवलेले होते. त्याने पाचसहा नावे सांगितली. एकाला आंब्याचे नाव होते, आंबा आता नव्हता. एकाला आजोबांचे होते. मग तो बांधावर उकिडवा बसला आणि वरच्या खाचराचे पाणी खालच्यात कोठून सोडतात, ते तोंड किती उघडले तर बांध तगतो आणि किती उघडले तर वाहून जातो, हे त्याने मुलांना दाखवले. उतारावर खाचर घडवायचे म्हणजे वरच्या बाजूची माती खणून खालच्या बाजूस आणायची, दगड रचून बांध घालायचा, तळ सपाट करायचा आणि चिखलणी करून तो पाणी धरील असा घोटायचा. हे एका पावसाळ्याचे काम नाही. आजोबाने अर्धा बांध घातला, बापाने पुरा केला, नातू दर ज्येष्ठात त्याची डागडुजी करतो. खाचराच्या वर, जेथे पाणी ठरत नाही अशा चढावर, नाचणी आणि वरी. ती वरकस जमीन. ज्याला आम्ही निसर्ग म्हणत होतो ते अनेक पिढ्यांचे बांधकाम होते, आणि त्यावर बांधणाऱ्यांचा शिलालेख नव्हता.

या बांधकामाची कागदोपत्री नोंद अजिबात नाही असे मात्र नाही. १८८२ साली निघालेल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटिअरमध्ये कर्जत तालुका आणि त्याला जोडलेला खालापूरचा महाल येतो; हा भाग त्या वेळी ठाणे जिल्ह्यात होता. भात, नाचणी, वरी यांची माहिती तेथे आहे, ठाकर-कातकऱ्यांचे वर्णनही आहे. त्या काळच्या सरकारी कागदांत या शेतीतली एक गोष्ट मात्र वारंवार येते, ती म्हणजे राब. पावसाळ्यापूर्वी रोपांच्या जागेवर कवळ, गवत, शेण, पालापाचोळा यांचे थर घालून ते जाळायचे आणि पहिल्या पावसाबरोबर त्या राखेत भात पेरायचे. रोप तयार झाले की उपटून खाचरात आवणी करायची. कवळ तोडायचे म्हणजे रान हवे. १८७८ च्या वन कायद्यानंतर रानावर सरकारचा हात घट्ट झाला आणि फांदी तोडण्याचा प्रश्न थेट ताटातल्या भाताचा प्रश्न बनला. ठाणे-कुलाब्याकडच्या तक्रारी इतक्या वाढल्या की मुंबई सरकारला १८८५ मध्ये वन आयोग नेमावा लागला; त्याचा अहवाल १८८७ चा आहे. जोतीराव फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला तो १८८३ साली, आणि जंगलखात्याने शेतकऱ्याची केलेली कोंडी हा त्यातला एक ठळक विषय आहे. आपल्या अभ्यासक्रमात 'असूड' असतो. पण तो शिकवताना राबाची राख आम्ही विद्यार्थ्यांच्या हातात कधी ठेवली नव्हती. कर्जतला १९१९ पासून भात संशोधन केंद्र आहे, 'कर्जत-१८४' सारख्या जातींमुळे या तालुक्याचे नाव महाराष्ट्रभर शेतकऱ्यांच्या तोंडी गेले. म्हणजे भाताच्या दाण्याला नाव मिळाले, ते संशोधनकेंद्राच्या गावाचे मिळाले. खाचर घालणाऱ्याचे नाव मात्र कोठल्याच कागदावर चढले नाही.

हे न चढणे केवळ शेतीपुरते नाही. याच तालुक्यातील आणखी दोन वाटा पाहू.

पहिली उंबरखिंडीची. शायिस्तेखानाने कोकणात पाठवलेला कारतलबखान मोठे सैन्य घेऊन लोणावळ्याच्या अंगाने कुरवंड्याचा घाट उतरला. घाटाखाली दोन्ही बाजूंना डोंगर, दाट रान, आणि एका वेळी थोडीच माणसे जाऊ शकतील अशी वाट. २ फेब्रुवारी १६६१ रोजी, आजच्या चावणी गावाजवळ, शिवाजी महाराजांच्या सैन्याने पुढची व मागची वाट अडवली. खानाची फौज पाण्यावाचून आणि वाटेवाचून कोंडली गेली. सोबत असलेल्या रायबागन या सरदार स्त्रीच्या सल्ल्याने खानाने अभय मागितले आणि सामान व खंडणी ठेवून तो परत फिरला. कवींद्र परमानंदाच्या 'शिवभारता'त हा प्रसंग विस्ताराने आहे, आणि त्यातून खानाच्या बाजूच्या कितीतरी सरदारांची नावे आपल्याला मिळतात. ही लढाई तलवारीइतकीच वाटेच्या ज्ञानाने जिंकली गेली, याविषयी इतिहासकारांत दुमत नाही. परंतु कोणत्या वळणावर झाडीत माणसे बसवता येतील, उन्हाळ्याच्या तोंडाला पाणी कोठे असते व कोठे नसते, हे ज्यांना पायांनी ठाऊक होते त्यांच्यापैकी किती जणांची नावे उरली? बहिर्जी नाईकांचे नाव आपण घेतो, ते योग्यच आहे. पण त्यांच्याविषयी कागद थोडे आणि कथा फार. एका नावाने साऱ्या अनामिकांचे देणे फेडल्याचे समाधान आपण मानून घेतले आहे, असे आम्हांला वाटते.

दुसरी वाट चौकचीच. मे १८५० मध्ये ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट चौकला तळ देऊन होता. तेथून तो डोंगर चढून गेला आणि 'माथेरानचा शोध' लागला. शाळेच्या पुस्तकांपासून पर्यटनाच्या पत्रकांपर्यंत हा शब्द टिकून आहे. ज्या डोंगरावर धनगर, ठाकर, कातकरी वावरत होते, गुरे चारत होते, मध काढत होते, त्या डोंगराचा शोध लागला म्हणजे नेमके काय झाले? तो इंग्रजी कागदावर आला, एवढेच. चौकहून वर जाणाऱ्या वाटा मॅलेटने पाडलेल्या नव्हत्या. त्या आधीपासून पडलेल्या होत्या, म्हणून त्याला जाता आले.

साहित्याने ही उणीव कोठेच भरून काढली नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. गो. नी. दांडेकरांनी आयुष्यभर गड पालथे घातले, आणि कर्जतच्या माथ्यावरच असलेल्या राजमाचीवर त्यांनी कादंबरी लिहिली तेव्हा तिचा नायक किल्लेदार नव्हता. मुंबई सोडून आपल्या माचीवर परतलेला एक म्हातारा होता. 'माचीवरला बुधा' हे शीर्षकच माणसाचे नाव घेऊन येते. परंतु त्यानंतरच्या आपल्या दुर्गभ्रमणाच्या विपुल लेखनात, आणि त्यात आमचेही दोनचार लेख आले, 'सोबत एक स्थानिक वाटाड्या घेतला' या वाक्यावर तो माणूस संपतो. पुढच्या परिच्छेदात बुरूज सुरू होतात.

आता त्या वाडीकडे परत येतो. १९ जुलै २०२३ च्या रात्री, अतिवृष्टीत, इर्शाळवाडीवर दरड कोसळली. मदतीला निघालेल्यांना त्याच पायवाटेने अंधारात, पावसात चालत जावे लागले. मोठी यंत्रे वर नेता येत नव्हती, खराब हवेमुळे हेलिकॉप्टर उडू शकत नव्हते. कुदळ-फावड्यांनी माती उपसावी लागली. अग्निशमन दलाचा एक अधिकारी चढावरच हृदयविकाराने दगावला. चार दिवसांनी, २३ जुलैला, शोधकार्य थांबवण्यात आले. २७ मृतदेह मिळाले होते, ५७ माणसे बेपत्ता म्हणून नोंदवली गेली. दरडीचा धोका असलेल्या गावांच्या सरकारी यादीत इर्शाळवाडीचे नाव नव्हते, हे त्याच आठवड्यात विधिमंडळात सांगितले गेले. २०१४ साली माळीण झाले होते, २०२१ साली तळीये झाले होते, तरी नव्हते. इर्शाळगड मात्र किल्ल्यांच्या प्रत्येक यादीत होता, आमच्याही.

त्या दिवसांत वर्तमानपत्रांतून मृतांची आणि बेपत्तांची नावे येऊ लागली, तेव्हा आम्ही २०१६ ची वही काढली. टाक्यांची संख्या होती. नेढ्याचे रेखाटन होते. दुपारी एका घरात जेवलो होतो, त्या जेवणाचे पैसे किती दिले हेही होते. वाटाड्याचे नाव नव्हते. दिवसभर आम्ही त्याला 'दादा' म्हणत होतो, आणि 'दादा' या प्रेमळ हाकेने नाव विचारण्याची गरज संपवून टाकली होती. छापून आलेल्या याद्या आम्ही वरपासून खालपर्यंत वाचल्या. त्यांतील कोणत्या नावाशी तो चेहरा जुळवायचा, किंवा तो कोणत्याच नावाशी जुळत नाही म्हणून सुटकेचा श्वास टाकायचा, हे आम्हांला कळू शकले नाही. आजही कळलेले नाही.

इतिहासलेखनातील मौनाविषयी आम्ही वर्गात पुष्कळ बोलतो. दप्तरे कोणी लिहिली, कोणासाठी लिहिली, कोणाला वगळले, हे प्रश्न परीक्षेतही विचारतो. ते मौन दूरच्या सत्तांनीच निर्माण केलेले असते अशी आमची समजूत होती. त्या वहीने ती मोडली. कारतलबखानाची नोंद करणाऱ्या कवीला, गॅझेटिअर जुळवणाऱ्या अधिकाऱ्याला, 'शोध' हा शब्द वापरणाऱ्याला आम्ही ज्या दोषासाठी धरतो, तो एका रविवारी, सद्हेतूने, हातात पेन असताना आमच्याकडून घडला होता.

वाचलेल्या कुटुंबांसाठी सिडकोने चौक परिसरात घरे बांधली. घर खाली आणता येते. बांध घालून घडवलेली जमीन आणि त्या जमिनीचे नाव खाली आणता येत नाही. ती नावे आता ज्यांच्या तोंडी उरली असतील, त्यांच्याकडून ती लिहून घेण्याचे काम गॅझेटिअर करणार नाही. मराठीच्या विद्यार्थ्यांना ते करता येईल, आणि त्यासाठी फारशा साधनांची गरज नाही.

आमच्या विभागाची सहल आता निघते तेव्हा नियम एकच असतो. अहवालाच्या पहिल्या ओळीत वाटाड्याचे पूर्ण नाव, त्याची वाडी, आणि त्याला विचारून मिळालेले एका तरी खाचराचे नाव. गड त्यानंतर. विद्यार्थी कधी विचारतात, हा नियम कोठून आला. तेव्हा आम्ही त्यांना ती २०१६ ची वही दाखवतो. तीत ती ओळ कोरी आहे.