ध चा मा, पोक आणि रूट नसलेला फोन

माझं गाव कोपरगाव. बाहेर कुणाला सांगितलं की समोरचा हमखास म्हणतो, "म्हणजे शिर्डीजवळचं!" (शिर्डी आमच्याजवळ आहे, आम्ही शिर्डीजवळ नाही. पण हा वाद घालणं मी कधीच सोडून दिलंय.) क्वचित एखादा इतिहासवेडा भेटतो, तो मात्र म्हणतो, "राघोबादादांचं कोपरगाव!" हा माणूस आपला. १७८२ च्या सालबाईच्या तहानंतर रघुनाथराव पेशवे इथे गोदाकाठी येऊन राहिले आणि १७८३ मध्ये इथेच वारले. त्यांचा वाडा गावात आहे.

आता राघोबादादा म्हटलं की आनंदीबाई आल्या, आणि आनंदीबाई आल्या की 'ध चा मा' आलाच. ३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून झाला. गारद्यांना दिलेल्या कागदात 'धरावे' होतं, आनंदीबाईंनी त्याचं 'मारावे' केलं, अशी ही गोष्ट. बहुतेक इतिहासकार तिला दंतकथाच मानतात, पण मराठी माणसाच्या तोंडातून ती काही जात नाही. मला तर ती धंद्यामुळे जास्तच आवडते. युनिकोडमध्ये 'ध' चा क्रमांक २३४३ आणि 'म' चा २३५०. फरक फक्त सातचा! पण गंमत अशी की 'धरावे' मध्ये पाच कोडपॉइंट आहेत आणि 'मारावे' मध्ये सहा, कारण मधे एक काना घुसवावा लागतो. म्हणजे संगणकाच्या मेमरीत जागच्या जागी हा बदल करायला गेलं असतं तर पुढचं अक्षर चिरडलं गेलं असतं. कागदावर दोन अक्षरांच्या मधे काना मावतो, मेमरीत मावत नाही.

असो. हे सगळं आठवायचं कारण म्हणजे माझा भाचा. नववीत आहे, कोपरगावलाच असतो. दिवाळीत मला विचारत होता, "मामा, फोन रूट न करता गेममधले कॉइन्स वाढवता येतात का रे?" फोन त्याच्या वडिलांचा. त्यात यूपीआय, बँकेचं ॲप, सगळं. रूट केला तर बँकेचं ॲप उघडत नाही हे त्याला माहीत होतं, म्हणून 'रूट न करता'. उत्तर 'हो, कधीकधी' असं दोन शब्दांत देता आलं असतं. पण त्या 'रूट न करता' मागे चाळीस वर्षांचा इतिहास आहे, आणि तो कळल्याशिवाय धोका नेमका कुठे आहे ते कळत नाही. म्हणून हा शनिवार त्याच्या नावाने.

सुरुवात करू झेडएक्स स्पेक्ट्रमपासून. १९८२ सालचा ब्रिटिश घरगुती संगणक, मेमरी ४८ किलोबाइट. भारतातही १९८६ मध्ये डेसिबेल्स इलेक्ट्रॉनिक्सने परवाना घेऊन तो 'डीबी स्पेक्ट्रम' या नावाने आणला होता. त्याच्या बेसिक भाषेत 'पोक' नावाची आज्ञा होती: अमुक पत्त्यावर तमुक आकडा ठेव. बस्स. कोण सांगतंय, का सांगतंय, कुणी विचारत नसे. १९८४ च्या 'जेट सेट विली' या गेममध्ये ३५८९९ या पत्त्यावर शून्य ठेवलं की तुम्ही अमर! कारण त्या पत्त्यावर 'एक जीव कमी कर' ही सूचना होती, आणि स्पेक्ट्रमच्या झेड८० चिपला शून्याचा अर्थ 'काही करू नकोस' असा समजतो. एका बाइटमध्ये मरण रद्द. आनंदीबाईंच्या उलट काम झालं हे.

इथे एक गोष्ट वेगळी काढली पाहिजे. गेमकर्त्याने स्वतःच ठेवलेले चीटकोड म्हणजे मेमरी एडिटिंग नव्हे. कोनामीचा तो प्रसिद्ध वर-वर-खाली-खाली कोड काझुहिसा हाशिमोतो यांनी १९८६ च्या 'ग्रेडियस' साठी टाकला, कारण चाचणी घेताना त्यांना स्वतःलाच तो गेम फार अवघड जात होता. आपल्याकडे टीव्हीला जोडायच्या कॅसेटवाल्या गेममध्ये 'काँट्रा' चे तीस जीव मिळवायला आपण तोच वापरला. डॉसवरच्या 'प्रिन्स' ला सुरू करतानाच 'मेगाहिट' लिहायचो तेही तसंच. ही घरमालकाने पायपुसण्याखाली ठेवलेली किल्ली. मेमरी एडिटर म्हणजे कुलूप उघडणारा.

आणि कुलूप उघडलं की कोर्टकचेरी आलीच. 'गेम जिनी' नावाचं उपकरण निन्टेन्डोचं कार्ट्रिज आणि मशीन यांच्या मधे बसायचं आणि मशीनने अमुक पत्ता वाचला की खऱ्याऐवजी आपला आकडा पुढे करायचं. ते विकणारी गलूब ही खेळण्यांची कंपनी स्वतःच निन्टेन्डोविरुद्ध कोर्टात गेली, आणि निन्टेन्डोने तिथे विक्रीवर बंदी मागितली. १९९२ मध्ये अमेरिकेच्या अपील कोर्टाने निकाल गलूबच्या बाजूने कायम ठेवला: घरी स्वतःच्या विकत घेतलेल्या गेमची गंमत बदलून खेळणं म्हणजे नवीन नक्कल तयार करणं नव्हे. विक्रीवर मधल्या काळात आलेल्या बंदीपोटी गलूबला पुढे दीड कोटी डॉलर मिळाले.

युरोपात हाच प्रश्न सोनी आणि डेटेल यांच्यात अक्षरशः रॅमपर्यंत गेला. डेटेलचं सॉफ्टवेअर 'मोटरस्टॉर्म: आर्क्टिक एज' खेळताना मेमरीतले आकडे बदलून अमर्याद टर्बो देत असे. १७ ऑक्टोबर २०२४ ला युरोपीय न्यायालयाने सांगितलं की चालू प्रोग्रॅमने रॅममध्ये ठेवलेल्या चलांच्या किमती बदलल्या, प्रोग्रॅमचा कोड नाही, तर संगणक प्रोग्रॅमला असलेलं कॉपीराइटचं संरक्षण तिथे लागू होत नाही. म्हणजे तो आकडा प्रोग्रॅम लिहिणाऱ्याच्या मालकीचा नाही. (हे फक्त कॉपीराइटपुरतं हं. गेमच्या अटी मोडल्या म्हणून खातं बंद व्हायचं ते होतंच.) मग तो आकडा कुणाचा? माझ्या मते ज्याचं यंत्र त्याचा. पण फोनवर नेमकं तेच खरं राहिलेलं नाही.

त्याआधी जरा सायबर कॅफेत जाऊ. २००० च्या आगेमागे गावोगावी विंडोज ९८ ची मशीन्स होती आणि तिथे मेमरी शोधणारी सॉफ्टवेअर्स सीडीवरून हातोहात फिरायची. 'आर्टमनी' होतं, नंतर 'चीट इंजिन' आलं. पद्धत सगळ्यांची एकच, आणि ती मला अजूनही सुंदर वाटते. गेममध्ये तुमच्याकडे १०० नाणी आहेत. मेमरीत १०० कुठेकुठे आहे ते शोधा: हजारो जागा निघतात. आता गेममध्ये जाऊन ७ नाणी खर्च करा आणि त्या हजारो जागांपैकी आता ९३ कुठे आहे ते विचारा. उरतात पाच-पंचवीस. आणखी एकदा खर्च, आणखी एकदा शोध, आणि एकच पत्ता हाती लागतो. लहानपणी 'मनात एक संख्या धर' खेळायचो ना, तेच. फ्लॅशच्या गेममध्ये १०० शोधून सापडायचं नाही, कारण फ्लॅश आकड्याच्या शेवटच्या तीन बिटांत त्याचा प्रकार लिहून ठेवायचा, त्यामुळे आठने गुणून शोधावं लागे. आणि हावरट पोरं २१४७४८३६४७ हा चार बाइटांत मावणारा सगळ्यात मोठा आकडा टाकायची आणि मग एक नाणं उचललं की थेट उणे दोनशे चौदा कोटी! कर्जबाजारी राजपुत्र.

हे सगळं चालायचं कारण विंडोज ९८ मध्ये प्रोग्रॅम-प्रोग्रॅममध्ये भिंत अशी जवळजवळ नव्हतीच. पुढच्या विंडोजमध्ये भिंती आल्या, पण माणसामाणसांत. एकाच वापरकर्त्याचे दोन प्रोग्रॅम एकमेकांच्या मेमरीत डोकावू शकत, कारण दोन्ही 'तुमचेच' ना.

अँड्रॉइडने नेमकं हे उलटं केलं. खाली लिनक्स, म्हणजे युनिक्सचा वंश. युनिक्स बनलं ते एका मशीनवर अनेक माणसं काम करायची त्या जमान्यात, म्हणून प्रत्येक माणसाला वेगळा क्रमांक आणि एकाने दुसऱ्याच्या वस्तूला हात लावायचा नाही. फोन तर एकाच माणसाचा. मग अँड्रॉइडवाल्यांनी तोच नियम ॲपना लावला: प्रत्येक ॲप हा स्वतंत्र वापरकर्ता, क्रमांक १०००० पासून पुढे. म्हणजे वाडा एक, त्यात पन्नास बिऱ्हाडं, प्रत्येकाच्या दाराला आपलं कुलूप. गेमच्या खोलीत मेमरी एडिटरला शिरता येत नाही, आणि बँकेच्या खोलीत गेमला. सगळ्या किल्ल्या ज्याच्याकडे, तो रूट, क्रमांक शून्य. आणि तो क्रमांक फोन विकत घेणाऱ्याला दिलाच नाही. वाड्याचे पैसे तुम्ही भरले, पण तुम्ही त्यातले भाडेकरू.

सुरुवातीला ही कुलपं तकलादू होती. भारतात २००९ मध्ये एचटीसी मॅजिक आला, मग स्वस्त अँड्रॉइड फोनांचा पूर आला, आणि रूट करणं हा कॉलेजातल्या पोरांचा जोडधंदाच झाला. २०१४ मध्ये जॉर्ज हॉट्झने 'टॉवेलरूट' काढलं. लिनक्सच्या एका चुकीचा फायदा घेऊन एका टिचकीत रूट! गेमगार्डियनसारखे मेमरी एडिटर याच काळात घरोघरी गेले. मग दारं बंद होत गेली. अँड्रॉइड ५ मध्ये एसईलिनक्सचे नियम पूर्ण सक्तीचे झाले, ७ पासून बदललेली सिस्टिम सुरूच न होऊ देणं कडक झालं, शाओमीने बूटलोडर उघडण्यासाठी परवानगी आणि वाट पाहणं आणलं. आणि २०१६ हे वर्ष बघा: एप्रिलमध्ये यूपीआय, सप्टेंबरमध्ये जिओ. फोनमध्ये पैसे आले आणि रूट केलेला फोन म्हणजे संशयित फोन झाला. मला रूटबंदीचा राग येतो, पण बँकांचं चुकलं असं काही म्हणवत नाही.

आता भाच्याचा प्रश्न. रूट नाही, तरी मेमरी कशी बदलते? त्यावर निघालेली युक्ती म्हणजे 'व्हर्च्युअल स्पेस'. पॅरलल स्पेस, व्हर्च्युअलॲप, व्हर्च्युअलएक्सपोज्ड अशी अनेक. मुळात ही एका फोनवर दोन व्हॉट्सॲप चालवायला लोकप्रिय झाली. हे ॲप स्वतःच्या पोटात दुसरी ॲप्स चालवतं. गेमही त्याच्या पोटात, मेमरी एडिटरही त्याच्या पोटात. अँड्रॉइडला बाहेरून एकच ॲप दिसतं, एकच क्रमांक. आणि एकाच क्रमांकाच्या दोन प्रोसेसना एकमेकांची मेमरी वाचायला-लिहायला लिनक्सची साधारण हरकत नसते. कुलूप फोडलंच नाही, एका बिऱ्हाडाने पोटभाडेकरू ठेवले! व्हीएमओएस तर याही पुढे गेलं, ॲपच्या आत अख्खं दुसरं अँड्रॉइडच, त्यात आपलं आपलं रूट.

डोकं अफलातून आहे, यात वाद नाही. पण पोटभाडेकरूंच्यात आता भिंत कुठे राहिली? आतल्या कुठल्या ॲपला काय लागेल सांगता येत नाही म्हणून व्हर्च्युअल स्पेस सगळ्याच परवानग्या आधी मागून ठेवते: फोनबुक, फाइली, काहींना एसएमएससुद्धा. आत बसलेल्या प्रत्येकाला त्या मिळतात. गेममध्ये लॉगिन करायला तिथे गूगल खातं टाकलं की तेही त्याच खोलीत. आणि एडिटर कुठून आला? गूगल प्लेवरून नव्हे, कुठल्या तरी लिंकवरून.

हे मी भीती घालायला म्हणत नाहीये, घडलेलं आहे. २०१७ च्या जानेवारीत चेक पॉइंटने शोधलेलं 'हमिंगव्हेल' हे मालवेअर प्ले स्टोअरवरच्या वीसेक ॲपमध्ये लपलं होतं आणि ते ड्रॉइडप्लगिन नावाचं असंच पोटात ॲप चालवणारं तंत्र वापरत होतं. २०२३ मध्ये प्रोमॉनने उघडकीस आणलेलं 'फियोर्डफँटम' आग्नेय आशियातल्या बँकांच्या ग्राहकांवर चाललं. त्यात खरं बँकेचं ॲपच व्हर्च्युअल स्पेसमध्ये चालवलं जायचं आणि चोरांचा कोड शेजारी बसून ते पोखरायचा. २०२५ मध्ये 'गॉडफादर' ने तुर्कस्तानातल्या बँकांच्या बाबतीत तेच केलं. बँकेचं ॲप काय तपासतं? फोन रूट आहे का. फोन रूट नसतोच! तपासणी पास. ज्या गुणासाठी भाच्याला ही युक्ती हवी होती, नेमक्या त्याच गुणासाठी चोरांनाही ती हवी आहे.

बरं, एवढं करून मिळतं काय? फ्री फायर मॅक्सचे डायमंड किंवा बीजीएमआयचे यूसी फोनमध्ये नसतातच, ते कंपनीच्या सर्व्हरवर. फोनमधला आकडा बदलला तर पडद्यावर श्रीमंती दिसते आणि खरेदी करायला गेलं की दुकानदार नाही म्हणतो. राहतात ते नेट नसताना चालणारे एकट्याचे गेम. त्यासाठी मी भाच्याला जुना, सिमकार्ड नसलेला, बँक नसलेला माझा फोन देऊन टाकला. त्यात काय हवं ते कर म्हटलं.

एक शेवटची बातमी. २०२५ च्या मार्चमध्ये गूगलने पिक्सेल फोनांवर 'टर्मिनल' नावाचं ॲप दिलं. त्यात डेबियन लिनक्स चालतं, आणि तेही पोटभाडेकरू म्हणून नाही, तर प्रोसेसरच्याच मदतीने वेगळ्या काढलेल्या व्हर्च्युअल मशीनमध्ये. आत 'सुडो' टाईप केलं की तुम्ही रूट, आणि बाहेरच्या वाड्यातली सगळी कुलपं जशीच्या तशी. फक्त प्ले स्टोअरवरचे गेम तिथे चालत नाहीत.